कायम होणं वेगळं, कायमवाल्याएवढा पगार वेगळा: कंत्राटी आणि रोजंदारी सरकारी कर्मचाऱ्यांचे हक्क सोप्या भाषेत

१९ ऑगस्ट २०२५ पासून राज्यातले राष्ट्रीय आरोग्य अभियानाचे, म्हणजे एनएचएमचे कंत्राटी कर्मचारी काम बंद करून बसले तेव्हा बऱ्याच जणांनी विचारलं की अरे यांना सामावून घ्यायचा जीआर तर निघालाय ना, मग आता काय राहिलं? जीआर निघाला होता हे खरं, मार्च २०२४ मध्ये, १० वर्षं सेवा झालेल्यांना नियमित पदांवर घ्यायचं असा, पण तो कागदावरून खाली उतरेना म्हणून तर आंदोलन. आणि नेमके त्याच आठवड्यात सुप्रीम कोर्टाचे दोन निकाल आले, एक उत्तर प्रदेशातल्या रोजंदारी कर्मचाऱ्यांचा आणि एक गुजरातमधल्या कंत्राटी प्राध्यापकांचा, दोन्ही कर्मचाऱ्यांच्या बाजूने. असा निकाल आला की लगेच ग्रुपवर मेसेज पडतो, "१० वर्षं झालेले सगळे आता परमनंट". दुसऱ्या दिवशी ऑफिसातला कोणी जाणकार सांगतो की उमादेवी निकाल (सुप्रीम कोर्टाचा २००६ चा, पुढे येतोच) आहे बाबा, काही होत नसतं.

दोन्ही चूक आहे. यात दोन हक्क एकमेकांत गुंतलेत, एक कायम होण्याचा आणि एक सारख्या कामाला सारख्या पगाराचा, आणि दोघांचे रस्ते कोर्टात पूर्ण वेगळे आहेत. पहिला रस्ता अवघड आहे, दुसरा बऱ्यापैकी मोकळा. पण लोक पहिल्याच्या दारात वर्षानुवर्षं उभे राहतात आणि दुसरा मागतच नाहीत, हे बघून जीव तुटतो म्हणून हे सगळं लिहितोय.

आधी दोन शब्द

मंजूर पद म्हणजे कुठल्या ऑफिसात किती माणसं लागतात याची सरकारने ठरवलेली जी यादी असते, तिला आकृतीबंध म्हणतात, त्यातली जागा. आणि नियमित करणं म्हणजे तात्पुरत्या माणसाला अशा पदावर कायम घेणं, त्याचं सेवापुस्तक उघडणं. एवढे दोन शब्द डोक्यात ठेवले तरी पुढचं समजतं.

तात्पुरते लोक अनेक प्रकारचे असतात. हजेरीपटावरचे रोजंदारी, ११ महिन्यांच्या करारावरचे, कॉलेजात तासिका तत्त्वावर शिकवणारे, मानधनावरच्या अंगणवाडी ताई, आणि एजन्सीमार्फत आलेले. नावं वेगळी पण ऑर्डरची भाषा जवळपास एकच. एखादी ऑर्डर हातात घेऊन नीट वाचा. वर "निव्वळ तात्पुरत्या स्वरूपात", खाली अट की सदर नियुक्तीमुळे कायम नेमणुकीचा कोणताही हक्क प्राप्त होणार नाही, त्याला जोडून बाँडपेपरवरचं हमीपत्र. मुदत संपली की एक-दोन दिवसांचा ब्रेक, मग पुन्हा तीच ऑर्डर, फक्त तारखा बदललेल्या. ब्रेकच्या दिवशीपण सिस्टर वॉर्डात असतेच कारण बाळंतीण काही ब्रेक संपायची वाट बघत थांबत नाही, फक्त मस्टरवर त्या दिवशीची सही नसते. असं १५-१५ वर्षं चालतं.

उमादेवी निकालात नक्की काय आहे

१० एप्रिल २००६, सुप्रीम कोर्टाचं ५ न्यायाधीशांचं घटनापीठ, कर्नाटक सरकार विरुद्ध उमादेवी. कर्नाटकात रोजंदारीवर लागलेल्या लोकांनी कायम करा म्हणून मागणी केली होती. कोर्टाने सांगितलं की सरकारी नोकरी ही सगळ्यांची आहे, घटनेच्या कलम १४ आणि १६ प्रमाणे जाहिरात, स्पर्धा, आरक्षण हे सगळं पाळूनच ती द्यायला हवी, त्यामुळे नुसतं खूप वर्षं काम केलं म्हणून कोर्टाने कोणाला कायम करून देऊ नये.

ऑफिसवाले इथपर्यंतच वाचतात. पण त्याच निकालाचा ५३ वा परिच्छेद आहे, तिथे कोर्टाने म्हटलंय की जे लोक मंजूर पदावर, कोर्टाच्या स्टेच्या आधाराशिवाय, १० वर्षं किंवा जास्त काम करतायत आणि ज्यांची नेमणूक बेकायदा नव्हती तर फक्त अनियमित होती, त्यांना सरकारने एकदा शेवटचं म्हणून नियमित करून टाकावं, आणि ती प्रक्रिया ६ महिन्यांत सुरू करावी. पुढे २०१० मध्ये कर्नाटकच्याच दुसऱ्या एका केसमध्ये कोर्टाने हेपण स्पष्ट केलं की एखाद्या खात्याने ही प्रक्रिया केलीच नसेल किंवा करताना काही लोकांचा विचारच केला नसेल तर त्या लोकांचा हक्क मरत नाही.

बेकायदा आणि अनियमित यातला फरक हा सगळ्याचा कणा आहे. लग्नाचं बघा. मुहूर्त टळला, भटजी उशिरा आले, नोंदणी करायची राहून गेली, तरी लग्न झालेलंच असतं, त्रुटी नंतर दुरुस्त करता येते. पण नवऱ्याचं आधीच एक लग्न झालेलं असेल आणि ते लपवलं असेल तर हे दुसरं लग्न कायद्याने लग्नच नाही, कितीही संसार केला तरी. नेमणुकीचं तसंच. पदच मंजूर नाही, किंवा माणसाकडे पदासाठी लागणारी पात्रताच नाही, तर ती बेकायदा. पद होतं, पात्रता होती, फक्त निवडीची ठरलेली पद्धत पूर्ण पाळली गेली नाही, तर ती अनियमित. एनएचएममधले कितीतरी लोक जाहिरात बघून, मुलाखत देऊन, गुणवत्ता यादीतून लागलेत. त्यांना "मागच्या दाराने आलेले" म्हणणं साफ अन्याय आहे.

मग अलीकडे काय बदललं

उमादेवी निकाल रद्द झालेला नाही, होणारही नाही इतक्यात, कारण तो ५ जणांच्या पीठाचा आहे. बदललं ते त्याचं वाचन. २० डिसेंबर २०२४ ला न्यायमूर्ती विक्रम नाथ आणि न्यायमूर्ती प्रसन्न वराळे यांनी सेंट्रल वॉटर कमिशनच्या केसमध्ये निकाल दिला. फरीदाबादच्या ऑफिसात नव्वदच्या दशकापासून झाडलोट आणि बागकाम करणारी माणसं, त्यांना २०१८ मध्ये कामावरून काढलं आणि तीच कामं बाहेरच्या ठेकेदाराला दिली. सरकारचं म्हणणं हे अर्धवेळ, हे तात्पुरते, यांचं शिक्षण पुरेसं नाही. कोर्टाने विचारलं काय, तर काम रोजचं होतं का, ऑफिसला ते कायम लागणारं होतं का. होतं. मग माणूस तात्पुरता कसा? सगळ्यांना परत घेऊन नियमित करायचा आदेश झाला. आणि कोर्टाने हेही म्हटलं की उमादेवी निकाल मागच्या दाराने होणाऱ्या भरत्या रोखायला होता, आयुष्य घालवलेल्या माणसांना नाकारायची ढाल म्हणून खाती तो वापरतायत हे चूक आहे.

ऑगस्ट २०२५ चा यूपीचा निकाल तर आणखी पुढे गेला. उच्च शिक्षण सेवा आयोगात १९८९ ते १९९२ च्या दरम्यान लागलेले लोक, आयोग स्वतः सरकारकडे पदं मागत होता, सरकार पैसे नाहीत म्हणून नकार देत होतं. कोर्टाने २००२ पासून त्यांना नियमित धरायला लावलं आणि पदं नसतील तर अधिसंख्य पदं, म्हणजे त्या माणसापुरती जादा पदं, निर्माण करा असं सांगितलं. हे महत्त्वाचं आहे कारण "पदच नाही" हे सरकारचं सगळ्यात आवडतं उत्तर. तरीपण एक गोष्ट नीट लक्षात घ्या, हे निकाल त्या त्या लोकांच्या कागदपत्रांवर लागलेत, ते बघून तुमच्या ऑफिसने आपोआप ऑर्डर काढायची असा त्यांचा अर्थ नाही. तुमच्या केसमध्ये तेच मुद्दे तुम्हाला दाखवावे लागतात.

पगाराचा रस्ता

आता दुसरा हक्क, जो मला जास्त मोलाचा वाटतो कारण तो आज, याच महिन्याच्या पगारात फरक पाडू शकतो.

सारख्या कामाला सारखा पगार हे तत्त्व घटनेच्या कलम ३९ मध्ये आहे, १९८२ मध्ये दिल्ली पोलिसांतल्या एका ड्रायव्हरच्या केसमध्ये सुप्रीम कोर्टाने त्याला हक्काचं बळ दिलं. पण तात्पुरत्यांना ते लागू होतं की नाही यावर उलटसुलट निकाल येत राहिले. शेवटी २६ ऑक्टोबर २०१६ ला पंजाबच्या केसमध्ये न्यायमूर्ती खेहर आणि आपल्या नागपूरचे न्यायमूर्ती शरद बोबडे यांनी सगळे जुने निकाल समोर घेऊन एकदाचं ठरवलं की रोजंदारी असो, ॲडहॉक म्हणजे तात्पुरती सोय म्हणून नेमलेला असो की कंत्राटी, कायम माणसाचंच काम करत असेल तर त्याला त्या पदाच्या वेतनश्रेणीची किमान रक्कम मिळाली पाहिजे. त्यासाठी आधी कायम व्हावं लागत नाही. उमादेवीचा इथे संबंधच नाही.

किमान रक्कम म्हणजे वेतनश्रेणीचा पहिला आकडा. उदाहरणार्थ सातव्या वेतन आयोगात राज्य सरकारी शिपायाची श्रेणी १५,००० पासून सुरू होते, तर बेसिक १५,०००. त्यावर २० वर्षांच्या वार्षिक वेतनवाढी मिळत नाहीत, त्या कायमवाल्यालाच. म्हणून "कायमवाल्याएवढा पगार" म्हणजे शेजारच्या टेबलावरच्या वीस वर्षं जुन्या माणसाएवढा नाही तर आज नव्याने लागणाऱ्या माणसाएवढा, हे आधीच डोक्यात पक्कं असू द्या.

गुजरातच्या प्राध्यापकांचं असंच झालं. सरकारी इंजिनिअरिंग आणि पॉलिटेक्निकमध्ये कंत्राटी सहाय्यक प्राध्यापकाला महिना ३०,००० आणि त्याच स्टाफरूममधल्या ॲडहॉक माणसाला १ लाख १६ हजार, नियमित माणसाला जवळपास १ लाख ३७ हजार. वर्ग तेच, अभ्यासक्रम तोच, पेपर तेच तपासणार. कोर्टाने किमान वेतनश्रेणी द्यायला लावली, याचिका टाकली त्याच्या आधीच्या ३ वर्षांपासूनच्या थकबाकीसकट. आपल्याकडे तासिका तत्त्वावर काम करणाऱ्या सर-मॅडमनी हा निकाल आवर्जून वाचावा, जरी त्यांची केस थोडी वेगळी असली तरी, कारण तिथे कामाचे तासच कमी दाखवलेले असतात आणि मग "काम सारखं नाही" म्हणायला कॉलेज मोकळं होतं.

आणि हीच या रस्त्यातली अडचण. काम सारखं आहे हे सिद्ध करायची जबाबदारी तुमची. नाव सारखं असून चालत नाही, जबाबदारी, कामाचं स्वरूप, पात्रता सगळं जुळावं लागतं.

"सही करूनच लागला होता ना?"

हा प्रश्न बाहेरचेच नाही, घरचेपण विचारतात. पगार माहिती होता, अट माहिती होती, सही केली, आता तक्रार कसली? पंजाबच्या निकालात याचं सरळ उत्तर आहे. कमी पगार कोणी खुशीने घेत नाही, घरचं पोट भरायला घेतो, स्वतःचा मान बाजूला ठेवून घेतो, आणि त्याच कामाला कमी पैसे देणं हे गुलामगिरीसारखं शोषण आहे अशा कडक शब्दांत कोर्टाने सुनावलंय. त्यात समोर सरकार आहे. खासगी मालकापेक्षा सरकारने जास्त नीट वागलं पाहिजे की कमी?

महाराष्ट्राचा १९७१ चा कायदा

हे आपल्याकडच्या फार कमी लोकांना माहिती असतं. महाराष्ट्रात कामगार संघटनांना मान्यता आणि अनुचित कामगार प्रथा रोखण्याचा १९७१ चा कायदा आहे, युनियनवाले त्याला पल्प ॲक्ट म्हणतात. त्याच्या चौथ्या अनुसूचीत ६ व्या क्रमांकाला लिहिलंय की कामगारांना बदली (म्हणजे दुसऱ्याच्या जागी), नैमित्तिक किंवा तात्पुरते म्हणून वर्षानुवर्षं ठेवणं, आणि तेही त्यांना कायम कामगारांचे फायदे मिळू नयेत या हेतूने, ही अनुचित प्रथा आहे. म्हणजे जे आपण "असंच असतं सरकारी खात्यात" म्हणून सोडून देतो ते या राज्यात पन्नासहून जास्त वर्षं कायद्याने चूक आहे.

पुण्याच्या पाचगाव-पर्वतीच्या टेकडीवर, तळजाईच्या अंगाला वनखात्याने जे उद्यान उभं केलं तिथे रोपं लावणारे, पाणी घालणारे मजूर वर्षानुवर्षं रोजंदारीवर होते. ते याच कलमाखाली लढले आणि नव्वदच्या दशकात सुप्रीम कोर्टात जिंकले. खात्याचं म्हणणं होतं की आमचा असा हेतू नव्हता. कोर्ट म्हणालं, इतकी वर्षं तात्पुरतं ठेवलंत यातच हेतू दिसतो. पहाटे तळजाईला फिरायला जाणाऱ्यांनी त्या झाडांकडे बघताना हे लक्षात ठेवायला हरकत नाही.

बरं, उमादेवीनंतर हे कलम संपलं का? नाही. २००९ मध्ये एसटीच्या सफाई कामगारांच्या केसमध्ये सुप्रीम कोर्टाने स्पष्ट सांगितलं की औद्योगिक न्यायालयाचे पल्प ॲक्टखालचे अधिकार उमादेवीने काढून घेतलेले नाहीत. मात्र हा रस्ता कामगार या व्याख्येत बसणाऱ्यांसाठी आहे, शिक्षक त्यात येत नाहीत, आणि प्रत्येक सरकारी खातं त्यात बसतं असंही नाही. गोव्यात हा कायदा नाही, पण केंद्राच्या कामगार कायद्यातही हीच तरतूद आहे.

एजन्सीमार्फत असाल तर

इथे खोटी आशा दाखवणार नाही. तुमची नेमणूक ठेकेदाराने केली असेल तर कायद्याच्या नजरेत तुमचा मालक ठेकेदार, सरकार नाही, आणि २००१ च्या सेल या सरकारी पोलाद कंपनीच्या निकालापासून ठेका बंद झाला तरी आपोआप सामावून घेतलं जात नाही. एकच दार उघडं राहतं, ठेका नुसता देखावा आहे हे सिद्ध करायचं. म्हणजे काम सांगणारा, रजा देणारा, हजेरी घेणारा सरकारी अधिकारी आणि ठेकेदार फक्त पगाराच्या कागदावर.

मुंबईच्या कचरा वाहतूक करणाऱ्या २,७०० कामगारांनी हेच केलं. महापालिकेच्या कागदांवर त्यांना स्वयंसेवक म्हटलं जायचं, कामगार नाहीच. कचरा वाहतूक श्रमिक संघाने वर्षानुवर्षं केस लढवली, २०१४ मध्ये औद्योगिक न्यायाधिकरणाने ठेका बनावट ठरवला, आणि एप्रिल २०१७ मध्ये सुप्रीम कोर्टाने त्यांना कायम करायला सांगितलं. संघटना नसती तर एकट्यादुकट्या माणसाला हे शक्यच नव्हतं. म्हणूनच सप्टेंबर २०२३ मध्ये राज्य सरकारने ९ एजन्सींमार्फत भरतीचा जीआर काढला तेव्हा एवढा आवाज उठला आणि ऑक्टोबरमध्ये तो मागे घ्यावा लागला. थेट करारावरचा माणूस निदान सरकारकडे बोट तरी दाखवू शकतो.

"मग एमपीएससी करणाऱ्या पोरांचं काय?"

हा आक्षेप खरा आहे आणि तो झटकून टाकू नये. पुण्यात खोली करून ५-६ वर्षं अभ्यास करणाऱ्या पोराला वाटणारच की जागा अशाच भरल्या तर माझी परीक्षा कशाला. उमादेवी निकालामागे हीच काळजी आहे. आरक्षणाचापण प्रश्न आहे, कंत्राटी भरतीत बिंदुनामावली, म्हणजे कुठली जागा कोणत्या प्रवर्गाची याचा तक्ता, पाळली गेली नाही तर मागासवर्गीयांच्या जागा आधीच गेलेल्या असतात, आणि नंतर तेच लोक कायम झाले तर त्या कायमच्या गेल्या.

पण दोष कोणाचा ते बघा. पद रिकामं आहे, जाहिरात काढायची नाही, आणि काम तर रोज आहे, मग निम्म्या पैशात माणूस आणायचा. यात अभ्यास करणाऱ्याची जागा त्या नर्सने खाल्ली नाही, भरती न करणाऱ्याने खाल्ली. दोघांना भांडायला लावून तिसरा पैसे वाचवतो. माझ्या मते मधला रस्ता हाच की जुन्यांचा एकदा नीट निकाल लावायचा, पात्रता आणि आरक्षण तपासून, आणि पुढची भरती दरवर्षी वेळेवर करायची, तिथे तात्पुरत्यांना वयात सवलत आणि अनुभवाचे गुण द्यायचे. आणि सारखा पगार दिला की सरकारला तात्पुरता माणूस स्वस्तात पडणार नाही, मग जाहिरात टाळायचं कारणच उरणार नाही. म्हणजे कंत्राटी माणसाचा पगार वाढणं हे परीक्षा देणाऱ्या पोराच्यापण फायद्याचं आहे.

"सरकारकडे पैसे कुठेत?"

यूपीच्या निकालात कोर्टाने म्हटलंय की आर्थिक अडचण हा काही सगळी कर्तव्यं पुसून टाकणारा मंत्र नाही. सरकार हा साधा मालक नाही, घटनेने बांधलेला मालक आहे, त्याने बजेटचा ताळमेळ सगळ्यात खालच्या माणसाच्या पगारातून घालू नये. यापेक्षा जास्त मला काही सांगायचं नाही.

कायम न होताही मिळणाऱ्या गोष्टी

प्रसूतीची रजा: २००० मध्ये दिल्ली महापालिकेच्या हजेरीपटावरच्या महिलांच्या केसमध्ये सुप्रीम कोर्टाने ती रोजंदारी बाईलाही दिली, आणि २०२३ मध्ये सांगितलं की करार मध्येच संपला तरी प्रसूतीचे लाभ पूर्ण मिळाले पाहिजेत. ग्रॅच्युइटी: अंगणवाडी सेविका आणि मदतनीस यांना ती लागू आहे असा निकाल एप्रिल २०२२ मध्ये लागला, "मानधन आहे, पगार नाही" हे म्हणणं कोर्टाने ऐकलं नाही. पीएफसाठी तुमचा यूएएन, म्हणजे पीएफ खात्याचा नंबर टाकून पासबुक बघा, पगारातून कापलेले पैसे भरले गेलेत का ते महिन्या-महिन्याला दिसतं. न भरलेले दिसले तर पीएफ ऑफिसात तक्रार करायला वकील लागत नाही.

कागद जपा

सगळ्या केसेस शेवटी कागदावर ठरतात. पहिल्या ऑर्डरपासून शेवटच्या ऑर्डरपर्यंत सगळ्यांची झेरॉक्स घरी ठेवा, ऑफिसच्या कपाटात नको. भरतीची जाहिरात, निवड यादी, पगार जमा झालेलं पासबुक, ओळखपत्र, निवडणूक ड्युटीची ऑर्डर, कोविडच्या काळातली ड्युटी लिस्ट, ब्रेकच्या दिवशी काम केल्याचा काही पुरावा, मग तो वॉर्डाच्या रजिस्टरमधली नोंद असो की साहेबांचा व्हॉट्सअॅप मेसेज. मस्टर तुमच्याकडे नसतं, ते माहिती अधिकारात मागा, आणि त्याच अर्जात विचारा की या पदाची मंजूर संख्या किती, भरलेली किती, रिक्त किती. आपल्याच खात्याने सही करून दिलेलं हे उत्तर पुढे फार कामाला येतं. काम सारखं आहे हे दाखवायला कायम माणसाची आणि तुमची कामवाटपाची यादी एकाच तारखेची मिळाली तर उत्तम.

वेळेचंही बघा. पगाराच्या फरकाची थकबाकी साधारणपणे केस टाकल्याच्या आधीच्या ३ वर्षांचीच मिळते, म्हणजे उशीर केला की मागचं एकेक वर्ष हातातून जातं. पल्प ॲक्टखाली तक्रार करायची मुदत ९० दिवस आहे. कामावरून काढल्याचं पत्र आलं तर ते ९० दिवस त्या तारखेपासून मोजा, आणि निघून गेले असतील तर उशिराचं सबळ कारण लिहून तो माफ करायचा अर्ज तक्रारीसोबतच द्या, कारण पटलं तर कोर्ट उशीर माफ करू शकतं.